'येनूफा' सगळ्यांना माहीत, गाब्रिएला प्राइसोव्हा कुणालाच नाही

ब्रनोकर (धागाकर्ता)

पाश्चात्त्य ऑपेरा थोडाफार ऐकणाऱ्यांना चेक संगीतकार लिओश यानाचेकचा 'येनूफा' ठाऊक असतो. तो ज्या नाटकावर उभा आहे त्याच्या लेखिकेचं नाव मात्र कार्यक्रमपत्रिकेच्या तळाला बारीक अक्षरात असतं. गाब्रिएला प्राइसोव्हा. नाटकाचं नाव 'येयी पास्तोर्किन्या', म्हणजे 'तिची सावत्र मुलगी'. ९ नोव्हेंबर १८९० रोजी प्रागच्या नॅशनल थिएटरमध्ये ते पहिल्यांदा झालं तेव्हा बाई अठ्ठावीस वर्षांच्या होत्या.

यानाचेकनं या नाटकाला हात लावला नसता तर आज ते कुणी वाचलं नसतं, असं इथले बरेच लोक म्हणतात. मला ते उलटं वाटतं. यानाचेकनं लावलेला हात इतका जबरदस्त होता की मूळ नाटक वाचायची गरजच कुणाला उरली नाही.

आधी बाईंबद्दल. जन्म २३ मार्च १८६२, कुटना होरा. चांदीच्या खाणींवर मोठं झालेलं मध्य बोहेमियातलं जुनं शहर. म्हणजे ज्या मुलखावर त्यांनी लिहिलं, त्या मुलखाच्या त्या नव्हेतच. लग्न विशीच्या आत झालं, नवरा होदोनीनच्या साखर कारखान्यात अधिकारी. होदोनीन मोराव्हा नदीच्या काठी आहे. नदीपलीकडे तेव्हा हंगेरीचं राज्य, आज स्लोव्हाकिया. चेकोस्लोव्हाकियाचे पहिले राष्ट्राध्यक्ष मासारिक याच गावात जन्मले. साखर इथे उसाची नाही, बीटाची. पण कारखान्याच्या गावात साहेबाच्या बायकोचं काय स्थान असतं हे कोल्हापूर-सांगलीकडच्या मंडळींना वेगळं सांगायला नको. गाव तिला मान देतं आणि तिच्यासमोर गप्प होतं. प्राइसोव्हांनी मात्र या मुलखातल्या बायकांना बोलतं केलं, त्यांची बोली उचलली आणि 'स्लोवात्स्कोची चित्रं' या मालेत कथा लिहायला घेतल्या.

स्लोवात्स्को म्हणजे होदोनीनच्या आसपासचा हा मुलूख, त्या काळी प्रागच्या सुशिक्षितांचा लाडका प्रदेश. भरतकामाचे पोशाख, द्राक्षमळे, लोकगीतं. जर्मन भाषिक सत्तेखाली 'आपलं अस्सल' शोधणाऱ्या शहरी माणसाला हे सगळं हवंच होतं. १८९५ मध्ये तर प्रागमध्ये मोठं लोकजीवन प्रदर्शन भरलं, त्यात खेड्यातली घरंच्या घरं उभी केली होती. प्राइसोव्हांनी तेच पोशाख, तीच बोली रंगमंचावर आणली, आणि त्या पोशाखांच्या आत काय चालतं तेही आणलं. लोकांनी पोशाखाला टाळ्या दिल्या. आतल्याला नाही.

पहिलं मोठं नाटक 'गाझ्दिना रोबा' (१८८९), आधी कथा म्हणून लिहिलेलं. एव्हा ही शिवणकाम करणारी गरीब मुलगी, पंथानं लुथरन. मानेक हा श्रीमंत कॅथलिक शेतकऱ्याचा मुलगा. त्याची आई आडवी येते. एव्हा हट्टानं एका लंगड्या, चिक्कू कातडी कारागिराशी लग्न करते. मूल होतं, मरतं. तोवर मानेकचंही लग्न होऊन मुलं झालेली असतात. एव्हा घर सोडून त्याच्याबरोबर ऑस्ट्रियात एका जहागिरीवर हंगामी मजुरीला जाते, त्याची 'बाई' म्हणून. कॅथलिक माणसाला पहिलं लग्न मोडून दुसरं करायची सोय नव्हती. शेवटी एव्हा डॅन्यूबमध्ये उडी घेते. हे नाटक बरं चाललं. पुढे फोर्स्टर या संगीतकारानं त्यावर 'एव्हा' नावाचा ऑपेराही केला (१८९९).

मग 'सावत्र मुलगी'. यातली मुख्य बाई कोस्तेलनिच्का. हे तिचं नाव नव्हे, काम आहे: गावातल्या प्रार्थनागृहाची व्यवस्था बघणारी. विधवा, करारी, औषधपाणी जाणणारी. गाव तिला वचकून असतं आणि अडल्यावर तिच्याकडेच येतं. सावत्र मुलगी येनूफा हिला तिनं स्वतःच्या पोरीसारखी वाढवलंय. येनूफाला गिरणीचा वारस श्टेवापासून दिवस गेलेत. श्टेवा देखणा, दारुडा, उधळ्या. त्याचा सावत्र भाऊ लात्सा येनूफावर जीव टाकतो आणि पहिल्या अंकाच्या शेवटी जळफळून चाकूनं तिचा गाल चिरतो. दुसऱ्या अंकात हिवाळा आहे. कोस्तेलनिच्कानं येनूफाला महिनोन्‌महिने घरात लपवून ठेवलंय, बाळ आठ दिवसांचं आहे. श्टेवा लग्नाला नकार देतो. त्या रात्री कोस्तेलनिच्का बाळाला नेऊन नदीच्या बर्फाखाली सोडते. तिसऱ्या अंकात येनूफा-लात्साच्या लग्नाच्या दिवशीच दारूभट्टीसाठी बर्फ कापणाऱ्या मजुरांना ते बाळ सापडतं.

प्राइसोव्हांनी नंतर सांगितलं की त्यांच्या कानावर दोन खऱ्या घटना आल्या होत्या. एकीत मत्सरानं मुलीचा गाल कापलेला, दुसरीत सावत्र आईनं मुलीला तिचं नवजात मूल नाहीसं करायला मदत केलेली. नाटकात त्यांनी मुलीला त्या पापातून बाहेर काढलं आणि सगळा भार एकट्या कोस्तेलनिच्कावर टाकला.

समीक्षकांनी झोडपलं. अनैतिक आहे, किळसवाणं आहे, बाईचं मन इतक्या झटपट कसं बदलेल. प्रागमध्ये प्रयोग लवकरच थांबले. ब्रनोमध्ये जानेवारी १८९१ मध्ये नाटक झालं. आणि प्राइसोव्हांनी या ताकदीचं नाटक पुन्हा लिहिलं नाही.

यानाचेकचा भाग थोडक्यात सांगतो, कारण तो सगळीकडे वाचायला मिळतो. त्यानं आधी त्यांच्याच एका कथेवर 'प्रेमकथेची सुरुवात' असा छोटा ऑपेरा केला होता. मग या नाटकाबद्दल विचारलं तेव्हा बाईंनी, हे संगीतासाठी योग्य नाही असं कळवलं. त्यानं ऐकलं नाही. गद्य संवाद तसेच ठेवले, फक्त काटछाट केली. काम संपत आलं तेव्हा त्याची मुलगी ओल्गा मरत होती. ती फेब्रुवारी १९०३ मध्ये गेली, ऑपेरा तिच्या स्मृतीला अर्पण आहे. ब्रनोत २१ जानेवारी १९०४, प्रागमध्ये थेट १९१६.

कुणी मूळ नाटक वाचलं असेल तर जरूर लिहा.

---

सावनी_क

छान ओळख. पण नातेसंबंधात गोंधळले. श्टेवा आणि लात्सा सावत्र भाऊ, येनूफा कोस्तेलनिच्काची सावत्र मुलगी, आणि सगळ्यांची आजी एकच?? कुणीतरी वंशावळ द्या.

---

ब्रनोकर

@सावनी_क, हा गोंधळ ऑपेरा बघणाऱ्या प्रत्येकाचा होतो. गिरणीची मालकीण म्हणजे म्हातारी आजी, बुरिया घराण्याची. तिला दोन मुलगे. थोरल्यानं एका विधवेशी लग्न केलं, तिला आधीचा मुलगा होता, तो लात्सा. मग या दोघांना झाला तो श्टेवा. धाकटा मुलगा तोमा. त्याला पहिल्या बायकोपासून झालेली मुलगी येनूफा, आणि दुसरी बायको म्हणजे आपली कोस्तेलनिच्का. दोन्ही मुलगे आता हयात नाहीत.

म्हणजे लात्सा त्या घरात वाढलेला, राबणारा, पण रक्तानं बुरिया नाही. गिरणी श्टेवाची. लात्साचा राग निम्मा येनूफासाठी आहे आणि निम्मा गिरणीसाठी, असं नाटक वाचताना वाटतं. आजी नातवाला लाडावते, लात्साला चाकरासारखं वागवते. ऑपेरात हे सगळं दहा मिनिटांत वाऱ्यासारखं निघून जातं.

---

सावनी_क

थांबा, म्हणजे श्टेवा आणि येनूफा सख्खे चुलत भाऊबहीण??

---

ब्रनोकर

हो. आपल्याकडे मामाची मुलगी चालते, चुलत चालत नाही. तिथे कॅथलिक चर्चची खास परवानगी लागायची. प्रेक्षकांची ओरड त्या नात्यावर नव्हती, बाळावर होती.

---

तात्या_फलटणकर

लेख ठीक. पण खरं सांगू का, कथानक ऐकून मला हे जुन्या तमाशापटाचंच वाटलं. देखणा दारुडा, गुणी पण तापट दुसरा, गालावर वार, अनौरस मूल, ऐन लग्नात गौप्यस्फोट. यात वास्तववाद कुठे आला? युरोपातलं म्हणून आपण टोपी काढायची, इथलं असतं तर नाक मुरडलं असतं.

---

रंगपेटी

तात्या, कथानकाचा सांगाडा भडक आहे हे मान्य. पण दुसरा अंक नीट बघा. मी या नाटकाचं इंग्रजी वाचन एका कार्यशाळेत केलंय, कोस्तेलनिच्का माझ्याकडे होती, म्हणून तपशिलात जाते.

सगळे म्हणतात की ती इज्जतीसाठी बाळ मारते. तसं नाही लिहिलेलं. घटना कुठल्या क्रमानं येतात ते बघा. आधी ती श्टेवाला बोलावते. ही गावाला धाकात ठेवणारी बाई त्या पोरासमोर गुडघे टेकते. तो म्हणतो पैसे देतो, पण लग्न नाही; येनूफाचा चेहरा आता तसा राहिला नाही, आणि आपलं लग्न गावच्या मुखियाच्या मुलीशी ठरलंय. तो निघून जातो. मग लात्सा येतो. त्याला येनूफा हवीच आहे. कोस्तेलनिच्का त्याला खरं सांगते, बाळाबद्दलसुद्धा. आणि लात्सा क्षणभर कचरतो. श्टेवाचं पोर मी वाढवायचं? बस्स, तेवढंच. तो नाही म्हणालेला नाही, फक्त थबकलाय. आणि त्या क्षणात ती बोलून जाते: बाळ गेलं.

आतल्या खोलीत बाळ जिवंत झोपलंय. लात्साला ती दुसऱ्या कामाला पिटाळते, आणि आता तिच्या हातात एक खोटं आहे जे तो परत यायच्या आत खरं करावं लागणार. खून नंतर येतो, आधी वाक्य येतं. मेलोड्रामात खलनायक ठरवून मारतो. इथे ठरवायला वेळच नाही. समीक्षकांना 'मन इतक्या झटपट कसं बदलतं' असं वाटलं, पण तिचं मन बदललेलं नाहीच. तिनं जीभ उचलली आणि तिथून परतीचा रस्ता बंद झाला. वाचन करताना त्या वाक्यानंतर काय करायचं हे मला शेवटपर्यंत सापडलं नाही. दिग्दर्शकानं सांगितलं, काही करू नकोस, खुर्ची सरळ कर.

---

अर्धविराम

@रंगपेटी यांचा प्रतिसाद मूळ धाग्यापेक्षा भारी. (ब्रनोकर, राग नसावा.)

---

तात्या_फलटणकर

रंगपेटीताई, क्रमाचा मुद्दा पटला. पहिल्या अंकातल्या चाकूबद्दल मात्र माझं मत तेच.

---

कायदेबाज

वेगळ्या बाजूनं. १८५२ च्या ऑस्ट्रियन दंडसंहितेत, जन्मदात्या आईनं प्रसूतीच्या वेळी आपलं मूल मारलं तर तो साध्या खुनापेक्षा वेगळा गुन्हा होता. फाशी नव्हती, कारावास होता, आणि मूल अनौरस असेल तर त्याहून कमी. म्हणजे कायद्यानंच मान्य केलं होतं की अविवाहित आई लाजेपोटी हे करते. पण ही सवलत फक्त आईला. दुसऱ्या कुणी मारलं तर सरळ खून, शिक्षा फाशी. बाळ आठ दिवसांचं, मारणारी सावत्र आजी. कोस्तेलनिच्काला कायद्याचा कुठलाच आडोसा नाही, आणि तरी ती सगळ्यांसमोर कबूल करते, कारण गाव तिथे येनूफाला दगड मारायला निघालेलं असतं.

आपल्याकडची त्याच दशकातली गोष्ट आठवल्याशिवाय राहत नाही. १८८१ मध्ये सुरतेत विजयालक्ष्मी नावाच्या ब्राह्मण विधवेला नवजात बाळाच्या खुनासाठी फाशी सुनावली गेली, अपिलात ती शिक्षा कमी झाली. वर्तमानपत्रांतून बायकांच्या चारित्र्यावर जी चिखलफेक झाली तिला उत्तर म्हणून बुलढाण्याच्या ताराबाई शिंद्यांनी १८८२ मध्ये 'स्त्रीपुरुष तुलना' लिहिलं. त्याआधी १८६३ मध्ये जोतीराव-सावित्रीबाईंनी पुण्यात बालहत्या प्रतिबंधक गृह काढलं होतं. प्रागच्या समीक्षकांना जे किळसवाणं वाटलं, ते पुण्यात सत्तावीस वर्षं आधी उघड बोललं जात होतं.

---

मृण्मयी_घ

@कायदेबाज, माहिती चांगली, पण तुलना जपून. ताराबाईंचा रोख पुरुषांवर आणि विधवेला पुन्हा लग्न न करू देणाऱ्या रूढीवर आहे. येनूफाला लग्न करायला कुणाचीच बंदी नाही, उलट लग्न हाच उपाय सगळे शोधताहेत. ताराबाई आरोप करतात. प्राइसोव्हा कुणावरच आरोप करत नाहीत, श्टेवावरसुद्धा नाही. तो घाबरट आहे, दुष्ट नाही. हे मला जास्त अस्वस्थ करतं.

---

कायदेबाज

हो, हेतू वेगळे आहेत. मी फक्त काळ शेजारी ठेवला.

---

षड्ज_मध्यम

संगीताच्या बाजूनं थोडी भर. ब्रनोकर म्हणतात मूळ नाटक ऑपेराखाली दडपलं गेलं; त्याचा एक ठोस पुरावा ऑपेरातच आहे. पहिल्या अंकात कोस्तेलनिच्का लग्नाला मोडता घालते, म्हणते श्टेवानं एक वर्ष दारू सोडून दाखवावी. का? कारण तिचा स्वतःचा नवरा तोमाही असाच सोनेरी केसांचा, देखणा आणि दारुडा होता, त्यानं सगळं उधळलं आणि तिला मारलं. हे ती नाटकात सविस्तर सांगते. यानाचेकनं त्यावर एक गाणं लिहिलं होतं, पण १९०८ च्या छापील प्रतीच्या आधी काढून टाकलं. त्यामुळे कितीतरी वर्षं जगभरच्या प्रेक्षकांना ती नुसतीच कडक, ढोंगी वाटावी अशी बाई दिसली. हल्ली काही प्रयोगांत ते गाणं परत घेतात. ते ऐकलं की पहिल्या अंकातली ती आणि दुसऱ्या अंकातली ती एकच बाई आहे हे कळतं.

अवांतर: प्रागला बारा वर्षं का लागली? तिथल्या ऑपेराचा प्रमुख कोव्हार्झोविच. त्याच्या एका ऑपेराची यानाचेकनं १८८७ मध्ये छापील टर उडवली होती. १९१६ मध्ये शेवटी तो तयार झाला, तेही वाद्यवृंदात स्वतःच्या दुरुस्त्या करून. त्या दुरुस्त्या पुढे कित्येक दशकं तशाच वाजत राहिल्या. चार्ल्स मॅकेरास या वाद्यवृंद-संचालकानं १९८० च्या दशकात मूळ रूप परत आणलं. संगीतकारालाच हा न्याय मिळाला, तर लेखिकेचं काय घेऊन बसलात.

---

ब्रनोकर

@षड्ज_मध्यम, गाण्याबद्दल लिहिलंत ते फार बरं झालं, मी धाग्यात घ्यायला हवं होतं ते हेच.

प्राइसोव्हांच्या नंतरच्या आयुष्याबद्दल व्यक्तिगत निरोपात दोघांनी विचारलं म्हणून इथेच लिहितो. होदोनीन सुटल्यावर त्या काही काळ करिंथियात होत्या, आजच्या ऑस्ट्रियाच्या दक्षिणेला. तिथे स्लोव्हेन भाषिक खेडी जर्मन होत चालली होती. त्यावर त्यांच्या 'कोरुतान्स्के पोविद्की' या कथा आहेत. पहिल्या नवऱ्यानंतर १९०८ मध्ये एका लष्करी अधिकाऱ्याशी दुसरं लग्न, मुक्काम एड्रियाटिकच्या काठी पुला इथे. मग प्राग. कादंबऱ्या बऱ्याच लिहिल्या, बहुतेक मध्यमवर्गीय वाचकासाठी, आणि त्यांतल्या मी चाळलेल्या मला सपक वाटल्या. १९३० मध्ये, म्हणजे ऑपेरा गाजल्यावर, 'सावत्र मुलगी' त्यांनी कादंबरी म्हणून पुन्हा लिहिली. त्यात नाटकाचा काटेरीपणा नाही, सगळं समजावून सांगितलंय. कोस्तेलनिच्का शिक्षा भोगून आल्यावर काय होतं वगैरे प्रश्न लोकांना पडत असणार, त्यांची सोय. मृत्यू २७ मार्च १९४६. एका महायुद्धाआधी साम्राज्य, मग प्रजासत्ताक, मग जर्मन ताबा, मग पुन्हा प्रजासत्ताक, सगळं पाहून.

१८९० च्या टीकेनं त्या खचल्या की त्यांच्याकडे सांगायचं एवढंच होतं? माझा कल दुसऱ्याकडे आहे. होदोनीनच्या त्या वर्षांत जे कानावर पडलं ते दोन नाटकांत संपलं.

---

मृण्मयी_घ

हे जरा घाईचं नाही का? ठरावीक वर्तुळातल्या पुरुष समीक्षकांनी तिशीच्या आतल्या बाईला 'किळसवाणं' म्हटल्यावर तिनं सुरक्षित कादंबऱ्या लिहिल्या, याला 'सांगायचं संपलं' म्हणायचं? म्र्श्टीक बंधूंचं 'मारिशा' हे नाटक चारच वर्षांनी आलं. त्यात तर नवरी नवऱ्याला कॉफीतून विष देते. मुलूख तोच, पोशाख तेच. ते आज चेक रंगभूमीचं क्लासिक.

---

ब्रनोकर

'मारिशा' चांगलंच आहे आणि त्यालाही सुरुवातीला विरोध होताच. पण मुद्दा बरोबर: रस्ता प्राइसोव्हांनी पाडला आणि त्यावरून गाडी दुसऱ्यांची गेली. त्यांच्या आधी १८८७ मध्ये स्ट्रौपेझ्नित्स्कीचं खेड्यावरचं नाटक आलं होतं, पण ते विनोदी.

---

सावनी_क

मला अजून लात्सावर बोलायचंय. सगळे कोस्तेलनिच्कात अडकलात. ज्या माणसानं मुलीचा गाल कापला त्याच्याशी शेवटी तिचं लग्न, आणि हा सुखान्त?

---

रंगपेटी

@सावनी_क, चाकूचा प्रसंग फार हुशारीनं लिहिलाय. श्टेवा आधी येनूफाच्या सफरचंदासारख्या गालांचं कौतुक करून गेलेला असतो. लात्सा ते ऐकतो. म्हणतो, त्याला तुझ्यात गालांपलीकडे काही दिसत नाही. मग झटापट, आणि गाल चिरला जातो. मोलकरीण लगेच सांगायला लागते की चुकून लागलं. गिरणीतला म्हातारा गडी ओरडतो, मुद्दाम केलंस! दोन साक्षीदार, दोन जबान्या, आणि लेखिका निकाल देत नाही. लात्सा त्याआधी येनूफाच्या रोझमेरीच्या कुंडीत किडे सोडतो, म्हणजे तिचं काहीतरी वाळावं ही इच्छा त्याच्यात आधीपासून आहेच.

पण दुसऱ्या अंकापासून तो रोज येत राहतो. शेवटी येनूफा त्याला म्हणते, जा, माझ्याबरोबर कोर्टकचेरी, बदनामी कशाला सोसतोस. तो जात नाही. सुखान्त मला वाटत नाही. दोन डागाळलेली माणसं एकमेकांना ओळखून आहेत, एवढंच.

---

तात्या_फलटणकर

म्हणजे चाकूबद्दल नाटकातच दोन मतं आहेत. मग माझंही एक राहू द्या.

---

मृण्मयी_घ

येनूफासमोर दुसरा पर्याय काय होता सावनी? सावत्र आई तुरुंगात, बाळ गेलेलं, गावानं दगड उचललेले. एव्हाचा पर्याय डॅन्यूब होता.

---

सावनी_क

पर्याय नव्हता हे मान्य. ती आईला माफ करते तेही समजू शकते, तिनं वाढवलंय. पण शेवटच्या पानावर ती लात्साला 'माझ्यावरच्या प्रेमापोटी केलंस' असं म्हणून सोडून देते, तिथे मी पुस्तक आपटलं असतं. रंगपेटी, पुढच्या वाचनात येनूफा मला द्या, मी ते वाक्य कसं म्हणते ते बघा.

---

रंगपेटी

दिली. लात्साला आधीच सांगून ठेवते.